निवेदनावर सही करण्याआधी

प्रिय दोस्ता,
स. न. वि. वि.

युनियनतर्फे आपल्या जिल्हा सहकारी बँकेला द्यायच्या निवेदनाचा तुझा मसुदा मिळाला. भाषा झकास आहे, चेअरमनसाहेबांना चष्मा पुसून वाचावं लागेल. मागण्या दोन. बारावी पास लिपिकाला पंधरा वर्षांच्या सेवेनंतर पदवीची अट न लावता अधिकारी श्रेणीत बढती मिळावी, ही पहिली. बाकीच्या अटीही ‘विशेष बाब म्हणून’ शिथिल करण्याचा अधिकार संचालक मंडळाला असावा, ही दुसरी. पहिलीवर मी डोळे मिटून सही करतो. दुसरीवर करणार नाही. फोनवर तू मला बोलू देत नाहीस, म्हणून हे पत्र.

पहिलीबद्दल वाद नाहीच. आपल्यातले कितीतरी जण वडील वारल्यावर अनुकंपावर लागले. तेव्हा सेवानियमात बारावीच होती. पुढे नियम बदलला आणि ही माणसं आहेत तिथेच राहिली. २०१७ ची कर्जमाफी आठव. पात्र ठरलेल्यांच्या हिरव्या यादीत नाव का नाही म्हणून शेतकरी काउंटरवर भांडत होते. सभासदाचं नाव आधारवर एक, सात-बारावर दुसरं आणि गावच्या विकास सोसायटीच्या रजिस्टरला तिसरंच, हा घोळ रात्री जागून कोणी निस्तरला? सोसायटीचं दप्तर सांभाळणाऱ्या गटसचिवाला शेजारी बसवून याच बारावीवाल्यांनी. त्याच्या आदल्या वर्षी, १४ नोव्हेंबरला, जिल्हा बँकांनी जुन्या नोटा घ्यायच्या नाहीत असा रिझर्व्ह बँकेचा आदेश आला, तेव्हाही काउंटरवर शिव्या खायला हेच होते. क. म. पत्रक, म्हणजे कुणाला किती पीक कर्ज द्यायचं ते ठरवणारं कमाल मर्यादा पत्रक, बघून ‘एवढा ऊस याच्या रानात मावतच नाही’ हे ज्याला कळतं, त्याला शाखाधिकारी व्हायला बी. कॉम. कशाला लागतं? बरं, शिकायला कुणी नाही म्हणत नाही. पण जेएआयआयबी ही बँकवाल्यांची परीक्षा द्यायची तर इंग्रजीतून नाहीतर हिंदीतून. दिवसभर पीक कर्जाची गर्दी उपसून रात्री इंग्रजी पुस्तक उघडणारा तालुक्याच्या शाखेत मला तरी फारसा दिसला नाही. जीडीसी अँड ए ही सहकार आणि हिशेबाची पदविका परीक्षा निदान मराठीतून देता येते. तिची फी बँकेने भरावी आणि अभ्यासाला रजा द्यावी, हेही निवेदनात घाल.

आता दुसरी मागणी. ‘विशेष बाब’ कोणाची होणार, हे तुला माहीत नाही का? मंडळ सोसायट्यांच्या मतांवर निवडून येतं. पॅनेलसाठी जो गावोगाव सोसायट्यांचे मतदान प्रतिनिधी ठरवणारे ठराव गोळा करत फिरला, त्याची बाब विशेष. गुपचूप चेकचं क्लिअरिंग सांभाळणाऱ्याची सर्वसाधारण. तू ज्यांच्यासाठी भांडतोयस ते बहुतेक दुसऱ्या प्रकारचे आहेत. म्हणजे शिथिलता त्यांच्या नावावर मागायची आणि ती मिळणार भलत्यालाच. वर सेवाज्येष्ठता यादीत डावललेला एखादा पदवीधर कोर्टात जाणार, स्थगिती आणणार आणि सगळ्यांच्याच बढत्या अडकणार. वकील तेवढे खूश.

आणि खुर्चीवर बसणाऱ्याचंही बघ. १ एप्रिल २०२१ पासून रिझर्व्ह बँकेचे अधिकार वाढवणारी बँकिंग कायद्यातली दुरुस्ती आपल्यालाही लागू झाली. नाबार्डचे तपासणी अधिकारी आले की कर्ज कोणी शिफारस केलं आणि कशाच्या आधारावर, हेच विचारतात. कमी मुदतीच्या पिकाचं कर्ज दोन हंगाम थकलं की एनपीए, म्हणजे बुडीताच्या वाटेवरचं, आणि जास्त मुदतीच्या पिकाचं एकाच हंगामात, हे ज्याला ठाऊक नाही त्याला शाखा द्यायची म्हणजे पोहता न येणाऱ्याला नावेचं सुकाणू देणं. पुढे सहकार कायद्याच्या कलम ८८ ची, म्हणजे बँकेचं नुकसान भरून मागणारी, नोटीस निघाली तर ती त्याच्या घरी येते. ज्याने ‘विशेष बाब’ म्हणून हात वर केला, तो संचालक तोवर माजी झालेला असतो. घर विकून भरपाई करायची वेळ आलेला माणूस मला आपल्या यादीत नको.

म्हणून माझं म्हणणं असं आहे की पदवीची अट काढ, परीक्षेची ठेव. पेपर मराठीत असावा, काढणारी संस्था बाहेरची असावी आणि प्रश्न आपल्याच कामाचे असावेत. सात-बारावर कर्जाचा बोजा चढवणं, केवायसी, थकबाकीची वर्गवारी, एखादा खोटा वाटणारा आठ-अ (जमिनीच्या खात्याचा उतारा) समोर ठेवून ‘पुढे काय कराल’ असं. गुण सूचना फलकावर लागले पाहिजेत. पास झालेल्यांत सेवाज्येष्ठता बघावी. ही सवलत शाखाधिकाऱ्यापर्यंतच, हेही आताच स्पष्ट लिही, नाहीतर पोरं उगाच आशेवर राहतील. नागरी बँकांच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यासाठी रिझर्व्ह बँकेने जून २०२१ मध्ये पदवी आणि मधल्या किंवा वरच्या फळीतला आठ वर्षांचा अनुभव अशी अट घातली. वरच्या खुर्च्यांचे निकष आता आपल्या मंडळाच्या हातात राहिलेले नाहीत, मग तिथे डोकं का फोडायचं?

शिपायांचं तू काहीच लिहिलं नाहीस. दहावी झालेले काही शिपाई आज कॅशियरच्या शेजारी बसून नोटा मोजतात, व्हाउचर लावतात आणि पगार शिपायाचा घेतात. त्यांना लिपिकाच्या परीक्षेला बसू द्या, एवढी एक ओळ टाक. युनियनला वर्गणी तेही देतात.

तू चिडशील, माहीत आहे. ‘म्यानेजमेंटचा माणूस’ म्हणशील. म्हण. पण दुसरी मागणी काढून मसुदा परत पाठव, सही करून मीच बाकीच्या शाखांत फिरवतो. वार्षिक सभेच्या आत द्यायचा असेल तर घाई कर.

वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
बाळू