मिऱ्याला बंधारा हवाच, पण दर्यात उतरायला वाटही हवी

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

रत्नागिरीत पाहुणे आले की त्यांना दाखवायच्या जागा ठरलेल्या असतात. थिबा पॅलेस, रत्नदुर्ग, संध्याकाळी मांडवीच्या जेटीवर भेळ आणि दुसऱ्या दिवशी भाट्ये, नाहीतर थेट गणपतीपुळे. शहराला लागून असलेल्या आमच्या मिऱ्याच्या किनाऱ्याला कुणी कुणाला नेत नाही. अपवाद घडला तो 3 जून 2020 च्या निसर्ग वादळानंतर. ‘बसरा स्टार’ नावाचे जहाज भरकटत येऊन आमच्या किनाऱ्याला लागले आणि लॉकडाऊन असूनही ते बघायला माणसे लोटली. खलाशी सुखरूप उतरवले गेले. जहाज मात्र पुढे कित्येक वर्षे तिथेच गंजत पडले. त्याच्यासमोर उभे राहून फोटो काढणाऱ्यांतले फारच थोडे मागे वळून इथली घरे बघायला आले, म्हणून हा पत्रप्रपंच.

मिऱ्या शहरात मोडते की गावात, हे कागदावरच ठरते. मुरुगवाडा, पंधरामाड नगरपरिषदेत. जाकीमिऱ्या, सडामिऱ्या यांच्या वेगळ्या ग्रामपंचायती. किनारा सलग, उधाण एकच, पण दाद मागायला जावे तर “तुमचं ते तिकडे” हे उत्तर दोन्हीकडे तयार. थेट नागपूरला जाणारा महामार्ग मिऱ्यापासून सुरू होतो, हे आम्ही मोठ्या अभिमानाने सांगतो. रहाटाघर बसस्थानकातून येणाऱ्या शहर बसची वाट बघत उभे असताना हा अभिमान थोडा कमी होतो, एवढेच.

इथे भंडारी आहेत, खारवी आहेत, कुणबी आहेत. घरटी एखादा तरी मुंबईला. तो गणपतीला आणि शिमग्याला येणार म्हणजे येणारच, मग साहेबाने रजा देवो न देवो. मोठ्या बोटींचे काम मिरकरवाडा बंदरात, त्यामुळे तिथल्या आणि राजिवड्याच्या मुसलमान मच्छीमारांशी पिढ्यान्‌पिढ्यांचे देणेघेणे आणि अर्थातच भांडणेही. गेल्या काही वर्षांत बोटींवर खलाशी म्हणून आणि आंब्याच्या बागांत राखणीला नेपाळी माणसे मोठ्या संख्येने आली. त्यांची पोरे आता आमच्याच शाळेत जातात आणि आमच्याच खवचटपणाने बोलतात. इथे रुळल्याचा याहून पक्का दाखला दुसरा नाही.

मिऱ्याचा खरा स्वभाव बघायचा असेल तर मे महिन्याच्या शेवटी यावे. 1 जूनपासून यांत्रिक बोटींची मासेमारी बंद, ती 31 जुलैपर्यंत. त्याआधी आगोटीची, म्हणजे पावसाळ्याच्या तयारीची धावपळ. लाकडे आत घ्यायची, कौले चाळायची, होड्या वर ओढून झावळ्यांनी शाकारायच्या, सुकी मासळी डब्यांत भरायची. होडी ओढायला कुणाला बोलावणे पाठवावे लागत नाही. चार माणसे जोर लावताहेत असे दिसले की रस्त्याने जाणारा मोटारसायकल लावून खांदा देतो. पलीकडच्या वाडीतल्या ज्याच्याशी बांधावरून बोलणे बंद आहे, तोही देतो. बोलत नाही, पण देतो.

रापणीचेही तसेच. होडीने जाळे समुद्रात अर्धगोल सोडायचे आणि त्याच्या दोन टोकांचे दोर दोन बाजूंनी वाळूवर उभे राहून ओढायचे. ज्याने दोराला हात लावला त्याचा वाटा. मग तो मालकाचा नातेवाईक असो की शाळेतून परस्पर आलेला पोर. पोराच्या वाट्याला दोन बांगडे आणि मूठभर तारल्या यायच्या. घरी गेल्यावर मार चुकवायला तेवढे पुरायचे. रापणीला मोठे भांडवल लागत नाही, डिझेल लागत नाही. लागते ती फक्त लांबरुंद, मोकळी वाळू. नेमकी तीच आमच्याकडे उरलेली नाही.

पांढऱ्या समुद्राची, म्हणजे आमच्या या किनाऱ्याची वाळू आमच्या डोळ्यांदेखत गेली. समुद्र माडांच्या मुळाशी आला, मग माड गेले, मग पाणी अंगणात आले आणि काही विहिरी खाऱ्या झाल्या. दरवर्षी उधाणाने दगडी बंधारा फोडायचा आणि दरवर्षी तिथे पुन्हा दगड टाकायचे, असे वर्षानुवर्षे चालले. तेव्हा आता टेट्रापॉड (चार पायांचे सिमेंटचे ठोकळे) टाकून जो सुमारे साडेतीन किलोमीटरचा पक्का बंधारा होतो आहे, त्याला विरोध करायचा करंटेपणा इथे कुणीही करणार नाही. जुलैच्या रात्री लाटेचा दणका भिंतीला बसला की सगळ्या घरादाराला बिछान्यात उठून बसावे लागते. ज्याने हे अनुभवले आहे त्याला बंधाऱ्याची किंमत सांगावी लागत नाही.

पण टेट्रापॉड हा माणसाने ओलांडावा असा प्रकार नाही. एकेक सिमेंटचा धोंडा माणसाएवढा, मध्ये फटी, ओहोटीला त्यावर शेवाळ. त्यावरून पाग (हाताने फेकायचे जाळे) खांद्यावर घेऊन उतरणारा म्हातारा घसरला तर पाय फटीतच अडकणार. ओहोटीला खडकाला चिकटलेली कालवे (शिंपले) काढायला जाणाऱ्या बायका हातात कोयती आणि डोक्यावर टोपली घेऊन जातात. त्यांनी कुठून उतरायचे? गणपती पाण्यात न्यायचे कुठून? लहान होडी पावसाळ्यात वर घ्यायची कुठून? नकाशा काढणाऱ्याला समुद्र ही थोपवायची गोष्ट वाटली, यात त्याची चूक नाही. मात्र इथल्या माणसाला रोज दर्यात जायचे असते.

हल्ली बंधाऱ्याच्या कडेने बाक, दिवे, सेल्फी पॉइंट करावेत असेही कानावर येते. करा, आमची ना नाही. संध्याकाळी चार पर्यटक आले तर भजी आम्हीच तळू. फक्त क्रम उलटा नको. आधी प्रत्येक वाडीसमोर पायऱ्या आणि होडी ओढता येईल असा एक तरी उतार. मासळी सुकवायला वाळू उरली नाही, म्हणून बंधाऱ्याच्या आतल्या अंगाला एखादा सिमेंटचा ओटा. नाहीतर बायका ती रस्त्याकडेला पसरतात आणि ये-जा करणाऱ्यांची बोलणी खातात. दिवे त्यानंतर.

यासाठी नवा अहवाल नको, समिती तर मुळीच नको. जबाबदार अभियंत्याने ओहोटीच्या वेळी एकदा वाडीवाडीतून चालत यावे. कुठली पायवाट कुठे उतरत होती, हे कुणीही म्हातारी बोट दाखवून सांगेल. ऑक्टोबरात समुद्र शांत झाला की हे करता येईल, आणि नगरपरिषद व दोन्ही ग्रामपंचायतींची माणसे त्या दिवशी बरोबर असावीत, म्हणजे “ते तिकडे” म्हणायला कुणाला जागा राहणार नाही.

आपला,
एक वाचक, मिऱ्या, रत्नागिरी