होमी भाभांची चित्रं मराठीत यावीत

मा. संपादक,

सहावी आणि नववीची मुलं दरवर्षी ‘होमी भाभा’ परीक्षेला बसतात. मुंबईतल्या मराठी घरांत या परीक्षेचा मोठा दबदबा आहे. लेखी, प्रात्यक्षिक, प्रकल्प, मुलाखत. मुलांबरोबर आईवडीलही राबतात. पण ज्यांच्या नावाची ही परीक्षा, ते डॉ. भाभा कसलेले चित्रकार होते, हे यातल्या फार थोड्या मुलांना ठाऊक असतं. अनेक वर्षं विज्ञान शिकवल्यामुळे मी हे खात्रीने लिहिते आहे.

अणुऊर्जा, तुर्भ्याचं अणुसंशोधन केंद्र, विमान अपघात एवढं पाठ्यपुस्तकातून कळतं. वातावरणात शिरलेल्या एकाच वेगवान इलेक्ट्रॉनपासून प्रकाशकण, त्यातून पुन्हा इलेक्ट्रॉन आणि त्याचा धनभारित जोडीदार पॉझिट्रॉन, अशी कणांची सरच्या सर कशी तयार होते, याचं गणित भाभा आणि भौतिकशास्त्रज्ञ वॉल्टर हाइटलर यांनी १९३७ मध्ये मांडलं. भाभा तेव्हा अठ्ठावीस वर्षांचेही नव्हते. आणि हाच माणूस समोर बसलेल्याचा चेहरा पेन्सिलीने नेमका उतरवत असे. सर सी. व्ही. रामन यांचंही रेखाचित्र त्यांनी केलं आहे. रामन यांनी १९४१ मध्ये त्यांना आजच्या काळातला लिओनार्दो दा विंची म्हटलं होतं, ते उगाच नव्हे.

कुलाब्याला भाभांनीच स्थापन केलेल्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेची (टीआयएफआर) इमारत उभी राहिली, तेव्हा बांधकामाच्या खर्चातला एक टक्का चित्र-शिल्पांसाठी वापरायची परवानगी भाभांनी नेहरूंकडून मिळवली. तिथलं हुसेन यांचं भव्य भित्तिचित्र त्यातूनच आलं. आपल्याच जे.जे. कला महाविद्यालयात शिकलेले गायतोंडे, स्वतःच चित्रकला शिकलेले आरा यांच्यासारख्या चित्रकारांची चित्रं संस्थेने घेतली, तीही त्यांना गिऱ्हाईक मिळायची मारामार होती त्या काळात! सरकारी पैशातून चालणाऱ्या प्रयोगशाळेने चित्रं विकत घ्यावीत, हा विचार आजही धाडसाचा वाटेल.

भाभांच्या निधनानंतर दोन वर्षांनी, १९६८ मध्ये, त्यांचे बंधू जमशेद यांनी निवडक चित्रांचं पुस्तक ‘मार्ग’ या कलाविषयक प्रकाशनातर्फे काढलं. टीआयएफआरच्या संग्रहावरही पुस्तक आहे. दोन्ही इंग्रजीत. महापालिकेच्या शाळेतल्या मुलीच्या हाती ती कशी पडणार?

राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळ स्वस्तात चांगली पुस्तकं काढतं. मंडळाने टीआयएफआरशी बोलून भाभांची रेखाचित्रं आणि संस्थेतला संग्रह मोठ्या आकारात, नीट छापून मराठीत आणावा. मजकूर थोडाच असू दे, पण तो एका शास्त्रज्ञाने आणि एका चित्रकाराने मिळून लिहिलेला असावा. संस्था नौदलाच्या नेव्हीनगर भागात आहे, तिथला बंदोबस्त समजण्यासारखा आहे. तरीही या परीक्षेत शेवटच्या फेरीपर्यंत पोचलेल्या मुलांना वर्षातून एक दिवस ती चित्रं प्रत्यक्ष दाखवता येतील. आपल्या वृत्तपत्राने हा विषय लावून धरावा, ही कळकळीची विनंती.

– एक निवृत्त विज्ञान शिक्षिका, दादर, मुंबई