मित्रास पत्र: ग्योरची अनिता

पुणे,
रविवार, सकाळ

प्रिय श्रीधर,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र परवा मिळाले. प्रशिक्षकांनी मधल्या सेंटरच्या जागेवरून काढून कडेच्या विंगला उभे केले म्हणून तुझी लेक आठवडाभर हँडबॉलच्या मैदानाकडे फिरकलीच नाही, हे वाचून मला फार वाईट वाटले. आपण दोघेही हा खेळ खेळलो आहोत, त्यामुळे हातातला खेळ काढून घेऊन आपल्याला कडेला उभे केल्याची भावना मी समजू शकतो. पण पत्र वाचताना मला सारखी एका हंगेरियन खेळाडूची आठवण येत होती आणि तिच्याविषयी तुला सविस्तर लिहिल्यावाचून राहवत नाही.

तिचे नाव अनिता गोर्बिच. हंगेरीत आडनाव आधी लावतात, म्हणून तिकडे ती गोर्बिच अनिता. जन्म १३ मे १९८३, वेस्प्रेम शहरातला, आणि पाठीवरचा क्रमांकही १३. पश्चिम हंगेरीतल्या ग्योर या कारखान्यांच्या शहरात ती लहान असतानाच आली आणि २०२१मध्ये निवृत्त होईपर्यंत ग्योरच्याच क्लबकडून खेळली. २००५मध्ये, वयाच्या अवघ्या बाविसाव्या वर्षी, तिची जगातली सर्वोत्तम महिला खेळाडू म्हणून निवड झाली होती. त्यानंतर युरोपातला कुठलाही क्लब तिला मोकळा असता, तरी ती ग्योरमध्येच राहिली, याचे मला आजही अप्रूप वाटते.

मध्यावर खेळणाऱ्या खेळाडूला हंगेरियन भाषेत ‘इरान्यीतो’ म्हणतात, म्हणजे दिशा देणारी. अनिता अक्षरशः तशी होती. गोलासमोरच्या सहा मीटरच्या रेषेवर बचावाची भिंत उभी असताना नेमकी कोणती फट पुढच्या क्षणी उघडेल हे तिला आधी कळायचे, आणि चेंडू तिथे स्वतः न्यायचा की पिव्होटच्या, म्हणजे त्या भिंतीत घुसून उभ्या असलेल्या सहकारी खेळाडूच्या, हाती सोपवायचा याचा निर्णय ती पळता पळता घ्यायची.

पण तिची कारकीर्द आठवताना मला विजयांच्या आधी पराभव आठवतात. २००३च्या जागतिक स्पर्धेच्या अंतिम सामन्यात, झाग्रेबमध्ये, हंगेरीकडे फ्रान्सविरुद्ध अखेरच्या टप्प्यात सात गोलांची आघाडी होती. ती वितळत गेली, फ्रान्सने बरोबरी साधली आणि जादा वेळेत सामना २९-३२ असा हातचा गेला. वीस वर्षांच्या मुलीने हे सोसायचे म्हणजे काय, याची कल्पना कर. २००८मध्ये बीजिंगला कांस्यपदकाच्या लढतीत दक्षिण कोरियाने हंगेरीला २८-३३ असे हरवले. ऑलिंपिक पदक तिला कधीच मिळाले नाही. क्लबचीही तीच कथा: २००९च्या चॅम्पियन्स लीगच्या, म्हणजे युरोपातल्या क्लबांच्या सर्वोच्च स्पर्धेच्या, अंतिम फेरीत, दोन सामने मिळून, डेन्मार्कच्या विबोर्गने ग्योरला एका गोलाने मागे टाकले, २०१२मध्ये मॉन्टेनेग्रोच्या बुदुच्नोस्तशी एकूण गोल समसमान झाले आणि परक्या मैदानावर केलेल्या गोलांना झुकते माप देणाऱ्या नियमामुळे करंडक गेला. शेवटी २०१३मध्ये तो ग्योरला आला आणि २०१४मध्ये पुन्हा.

आता तुझ्या लेकीशी संबंध असलेला भाग. मुलाच्या जन्मानंतर अनिता संघात परतली तोवर ग्योरकडे नेदरलँड्सची नीके ग्रोट होती आणि पुढे नॉर्वेची स्टीन ऑफ्टेडालही आली. दोघीही अव्वल दर्जाच्या सेंटर. अशा वेळी क्लबची सगळ्यात लाडकी खेळाडू डाव्या विंगवर खेळू लागली. विंगचे काम किती कठीण असते ते तुला ठाऊक आहे: चेंडू क्वचित मिळतो, मिळतो तेव्हा गोलाचा कोन अगदी अरुंद असतो, आणि रेषेवरून झेप घेतल्यावर पाय टेकण्याआधी हवेतच कोन वाढवून फटका मारावा लागतो. तिथे एक संधी हुकली की पुढच्या संधीसाठी दहा-दहा मिनिटे वाट पाहावी लागते. अनिताने ते केले, आणि स्पॅनिश प्रशिक्षक आंब्रोस मार्टिन यांच्या हाताखाली ग्योरने २०१७ व २०१८ हे करंडक जिंकले, तर ते गेल्यावर २०१९चाही. अंतिम सामन्यांचे आकडे मुद्दाम लिहितो: मॅसेडोनियाच्या वार्दार क्लबविरुद्ध ३१-३०, पुन्हा वार्दारविरुद्ध २७-२६, हे दोन्ही जादा वेळेत, आणि रशियाच्या रोस्तोवविरुद्ध २५-२४. जो एक गोल २००९मध्ये कमी पडला होता, तो तीनदा परत आला.

२०२१च्या उपांत्य सामन्यात फ्रान्सच्या ब्रेस्टने ग्योरला बरोबरीनंतर सात मीटरच्या फटक्यांवर, म्हणजे पेनल्टींवर, हरवले. चॅम्पियन्स लीगमध्ये ग्योर तीन वर्षांहून अधिक काळ अपराजित होता. अनिताच्या अखेरच्या मोसमातच ती मालिका तुटली. तरीही त्या स्पर्धेत तिच्या नावावर हजाराहून अधिक गोल आहेत आणि राष्ट्रीय संघासाठीही तिने हजाराचा टप्पा ओलांडला. पुढे ती त्याच क्लबची अध्यक्ष झाली.

दिवाळीत मी तुमच्याकडे येतोच आहे. २०१८चा अंतिम सामना लेकीसोबत बसून पाहू. चेंडू उजवीकडे फिरत असताना डाव्या कोपऱ्यात तेरा क्रमांकाची खेळाडू काय करते, तेवढेच तिला पाहायला सांग. मी येईपर्यंत बाकी काही बोलू नकोस.

वहिनींना नमस्कार, लेकीला आशीर्वाद.

तुझा,
माधव