सई, ऑश्वित्झला जाण्याआधी

मिरज

चि. सई,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, ऑफिसातल्या मैत्रिणींबरोबर क्राकुवला जायचं ठरतंय आणि त्यातला एक दिवस ऑश्वित्झसाठी ठेवलाय. मग विचारलंस, "तुम्ही दोघं जाऊन आलात ना, कसं आहे?" आई "जाऊन ये" एवढंच म्हणाली आणि फोन माझ्या हातात दिला. मलाही फोनवर सांगणं जमेना. म्हणून हे पत्र. लांबेल, पण सावकाश वाच.

आधी जाण्यायेण्याचं सांगतो. ऑश्वित्झ हे जर्मनांनी दिलेलं नाव, पोलंडमधलं मूळ गाव ओश्विएन्चिम. क्राकुवपासून ते सत्तरेक किलोमीटरवर आहे, बसला दीड तास लागतो. सकाळी निघून संध्याकाळी परत, अशा सहली क्राकुवच्या चौकाचौकांत विकल्या जातात. त्यात एक प्रकार असा आहे की सकाळी ऑश्वित्झ आणि दुपारी विएलिच्काची मिठाची खाण, दोन्ही एका दिवसात. तो घेऊ नकोस. खाण बघण्यासारखी आहे असं सगळे म्हणतात, पण तिच्यासाठी दुसरा दिवस काढ. आमच्या हॉटेलवाल्यानंही तीच जोडसहल पुढे केली होती. आईनं ऐकून घेतलं आणि सरळ नाही म्हणाली. तिचं बरोबर होतं. बिर्केनाउहून, म्हणजे तिथल्या दुसऱ्या छावणीतून, निघाल्यावर आम्ही कुठलीही दुसरी जागा बघू शकलो नसतो.

गाइडबरोबरचं फिरणं साडेतीन तासांचं असतं. कानाला हेडफोन देतात आणि गाइड हळू आवाजात बोलते, त्यामुळे गर्दीतही गोंगाट नसतो. गर्दी मात्र खूप. २०२४ साली १८ लाखांवर माणसं येऊन गेली. मोठी पिशवी आत नेऊ देत नाहीत, छोटी पर्सच ठेव. चपला चांगल्या घाल, कारण बिर्केनाउ म्हणजे नुसतं उघडं माळरान. थंडीचे दिवस असतील तर कानटोपी विसरू नकोस, वारा अडवायला तिथं काही नाही.

आता जे सांगायचं ते. माझी सगळी नोकरी मालधक्क्यावर गेली, हे तुला माहीत आहे. वाघिणींची, म्हणजे मालडब्यांची, मागणी नोंदवायची, रेक (डब्यांची अख्खी गाडी) आला की भरून घ्यायचा, पावती फाडायची, उशीर झाला की डेमरेजचा दंड लावायचा. तिथं मी जे पाहिलं ते त्याच डोळ्यांनी पाहिलं, दुसरे डोळे माझ्याकडे नाहीत.

नाझींची पहिली छावणी ही पोलिश सैन्याच्या जुन्या बराकींत १९४० साली सुरू झाली. विटांच्या दुमजली इमारती, मधून सरळ रस्ते, दुतर्फा झाडं. रेल्वे कॉलनीत शिरल्यासारखं वाटतं, आणि तेच अंगावर येतं. जून १९४० मध्ये पहिल्यांदा आणले ते ७२८ पोलिश कैदी होते. ज्यूंना मारण्याचं मोठं केंद्र ही जागा नंतर झाली. एका खोलीत भिंतभर नकाशा आहे. मधोमध ऑश्वित्झ आणि चारी दिशांनी तिथं येणाऱ्या रेघा: वर ऑस्लोपासून, खाली ग्रीसपर्यंत, पॅरिस, अॅमस्टरडॅम, बुडापेस्ट, रोम. बाकीचे लोक गावांची नावं वाचत होते. मला ते जंक्शन दिसलं. ओश्विएन्चिम खरोखरच जंक्शन होतं. बराकी तयार होत्या आणि रूळ सगळीकडून येत होते, जागा निवडायला ही मोठी कारणं होती. पुणे, कोल्हापूर, बेळगाव आणि पंढरपूरकडच्या लाइनी जिथं एकत्र येतात त्या गावात मी जन्मलो. जंक्शन असणं ही गावाची दौलत, असंच आपण समजत आलो.

आणलेल्यांची संख्या सुमारे १३ लाख. त्यांतले ११ लाख मारले गेले, आणि त्यांत १० लाखांच्या आसपास ज्यू. बाकीच्यांत सत्तरेक हजार पोलिश, २१ हजार रोमा जमातीचे, १५ हजार सोव्हिएत युद्धकैदी. आकडे ऐकताना काही होत नाही. होतं ते पुढच्या इमारतीत, बॅगांसमोर. काचेआड सुटकेसींचा ढीग आहे, आणि कित्येकांवर पांढऱ्या रंगानं मोठ्या अक्षरांत नाव, जन्मतारीख, गाव लिहिलेलं आहे. सई, सामानावर माणूस नाव घालतो ते पोचल्यावर आपलं आपल्याला मिळावं म्हणून. मालधक्क्यावर लेबल पुसट असलं की मी पार्टीला परत पाठवायचो, "नीट लिहून आणा" म्हणून. या लोकांनी नीट लिहिलं होतं. गाडीतून उतरल्या उतरल्या सामान फलाटावर सोडायला लावलं आणि ते गेलं बिर्केनाउच्या गोदामांत. कैदी त्या गोदामांना 'कॅनडा' म्हणत, सुबत्तेचा देश म्हणून. तिथं कपडे वेगळे, चष्मे वेगळे, भांडी वेगळी अशी प्रतवारी व्हायची आणि चांगला माल परत गाड्यांत भरून जर्मनीला जायचा. म्हणजे रेक रिकामा येत नव्हता आणि रिकामा जातही नव्हता.

केसांच्या खोलीत फोटो काढायला मनाई आहे. त्या खोलीबद्दल मी लिहीत नाही. तू बघशीलच.

बुटांपाशी आई बराच वेळ थांबली. हजारो जोड आहेत, रंग उडून सगळे एकाच मातकट रंगाचे झालेले, आणि मधेच एखादी लाल सँडल. आमची गाइड म्हणाली की लहान मुलांचे बूट टिकवण्यासाठी कारागीर एकेक जोड हातात घेऊन साफ करतात. नवं करत नाहीत, फक्त आणखी झिजू देत नाहीत. आई म्हणाली, हे काम करणाऱ्या माणसांना भेटायला हवं होतं. २७ नंबरच्या इमारतीतही थांबा. एका खोलीत छावण्यांतल्या आणि ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्त्यांतल्या मुलांनी काढलेली चित्रं भिंतीवर तशीच उतरवली आहेत, खालच्या बाजूला, मुलांच्या उंचीवर. घरं, फुलं, आणि बंदूक घेतलेला शिपाईही. पुढे नावांचं पुस्तक आहे, मोठाल्या पानांचं, ४० लाखांहून अधिक नावं असलेलं. लोक त्यात आपल्या आडनावाची माणसं शोधत होते. एक म्हातारे गृहस्थ पानावर बोट ठेवून नुसते उभे होते. आम्ही बाजूनं निघून गेलो.

तिथून बसनं तीन किलोमीटरवर बिर्केनाउ. कमानीतून रूळ आत जातात ते चित्र तू पाहिलेलं आहेस. पण एक गोष्ट लक्षात ठेव, ते रूळ आत नेले ते १९४४ च्या मे महिन्यात. त्याआधीची दोन वर्षं गाड्या बाहेर, दोन छावण्यांच्या मधल्या धक्क्यावर थांबत. तिथं सहलीवाले नेत नाहीत. जमलं तर मैत्रिणींना घेऊन चालत जा, लांब नाही. रूळ आत वाढवले ते हंगेरीतून येणाऱ्या गाड्यांसाठी. १५ मे ते ९ जुलै, एवढ्या काळात हंगेरीतून ४ लाख ३७ हजारांच्या आसपास ज्यू बाहेर काढले, १४७ गाड्यांतून, आणि त्यांतले जवळजवळ सगळे इथं आणले. एका वाघिणीत सत्तर-ऐंशी माणसं. बहुतेकांना फलाटावरून थेट गॅसच्या खोल्यांकडे चालवत नेलं.

मी तिथं उभा राहून हिशेब करत होतो. दिवसाला दोन-तीन, कधी चार गाड्या. युद्ध हरत चाललेलं, रशियन पुढे सरकताहेत, सैन्याला स्वतःला वाघिणी पुरत नाहीत. अशा वेळी या गाड्यांना कुणीतरी रेक दिला, इंजिन दिलं, मार्गात वेळ काढून दिली, पुढच्या स्टेशनला निरोप दिला. टाइमटेबल आपोआप होत नाही. एक स्पेशल काढायची तर किती टेबलांवरून कागद फिरतो ते मला ठाऊक आहे.

परत आल्यावर मी या गाड्यांबद्दल मिळेल ते वाचत गेलो. जे कळलं ते आईला सोडून कुणाला सांगितलं नाही, आता तुला सांगतो. जर्मन रेल्वे या लोकांचं भाडं लावत होती. माणशी, दर किलोमीटरला ४ फेनिग (शंभर फेनिगचा एक मार्क), एकेरी. दहा वर्षांखालच्या मुलांना अर्धं तिकीट, चार वर्षांखालच्यांना माफ. चारशेच्या वर माणसं असली की गटाची सवलत. भाडं तिसऱ्या वर्गाच्या प्रवाशाचं आणि डबा गुरांचा. पहारेकऱ्यांचं तिकीट मात्र जाऊन-येऊन. बिल जायचं पोलिसांच्या खात्याकडे. लहान मुलाचं अर्धं तिकीट लावताना कुणीतरी वय विचारलं असेल, मुलं मोजली असतील, बेरीज केली असेल, खाली सही केली असेल. मी आयुष्यभर तशाच फॉर्मवर सह्या केल्या. त्या रात्री मला झोप लागली नाही.

आल्बर्ट गान्झेनम्युलर म्हणून रेल्वेचा एक मोठा अधिकारी होता, वाहतूक मंत्रालयात सचिव. १९४२ च्या जुलैत त्यानं एसएसचा प्रमुख हिमलर याच्या कार्यालयाला कळवलं की वॉर्साहून रोज पाच हजार ज्यूंना घेऊन एक गाडी ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीला जाते आहे. अगदी खात्यातलं पत्र असावं तसं. १९७३ साली त्याच्यावर खटला उभा राहिला, तब्येत बिघडली म्हणून थांबला आणि पुन्हा सुरू झालाच नाही. १९९६ साली तो वारला. त्यानं कुणावर हात उगारला नव्हता. गाड्या वेळेवर सोडल्या होत्या.

हे तुला मुद्दाम लिहितो आहे, कारण तू लाइपझिगमध्ये बसून तेच काम करतेस. कुठलं पार्सल कुठल्या गाडीत, किती वाजता, किती खर्चात. तुझं काम मला आवडतं. आमच्या घराण्यात रूळ चौथ्या पिढीत संगणकात गेला, असं मी सगळ्यांना अभिमानानं सांगतो. आणि म्हणूनच तू ऑश्वित्झला जावंस असं मला मनापासून वाटतं. तिथं पहारेकरी आणि खुनी दिसतात, ते कुणालाही दिसतात. तू कारकून बघ. नकाशे काढणारे, दर ठरवणारे, वाघिणी पुरवणारे.

लाइपझिगहून एरफुर्ट तासाभराच्या आत आहे, तेही एकदा बघून ये. टोप्फ उंड झ्योने या कंपनीनं ऑश्वित्झच्या प्रेतं जाळायच्या भट्ट्या बनवल्या. तिच्या जुन्या कचेरीत २०११ पासून स्मृतिस्थळ आहे. इंजिनियर ज्या टेबलांवर आराखडे काढत तिथून एटर्सबर्गचा डोंगर दिसतो, आणि त्याच डोंगरावर बुखेनवाल्डची छावणी होती. तिथल्या एका इंजिनियरनं अखंड चालणाऱ्या भट्टीसाठी १९४२ साली पेटंटचा अर्जही केला होता. कुणी मागितलं नव्हतं. आपलं काम आणखी चांगलं व्हावं म्हणून केला. मला वाटतं, साऱ्या प्रकारात याहून भीतिदायक काही नसेल.

बसमध्ये परत येताना मला कोल्हापूरजवळचं वळिवडे आठवत होतं. तुझे पणजोबा मिरज स्टेशनात पॉइंट्समन होते, गाड्यांचे सांधे बदलायचे. पोलिश बायका-मुलांनी भरलेल्या गाड्या त्यांनी पाहिल्या होत्या, ही गोष्ट त्यांनी तुझ्या आजोबांना सांगितली आणि आजोबांनी मला. १९४३ ते ४८ या काळात वळिवड्याच्या कॅम्पात पाचेक हजार पोलिश माणसं राहिली. ती हिटलरच्या छावण्यांतून आली नव्हती. स्टालिननं त्यांना मालगाड्यांत घालून सायबेरियाकडे पाठवलं होतं, तिथून सुटून इराणमार्गे ती इकडे आली. दोन्ही गोष्टी एक नाहीत, मैत्रिणींना सांगशील तर नीट वेगळं करून सांग. पण त्या मुलांसाठी कॅम्पात शाळा निघाल्या, त्यांचे सण झाले, आणि कोल्हापुरात महावीर उद्यानात त्यांचं स्मारक आहे ते तू पाहिलेलं आहेस. गाडी तीच असते. ती कुठं थांबते हे ठरवणारी माणसं असतात.

बिर्केनाउच्या रुळांवर तोल सावरत चालणारी, फोटोसाठी उड्या मारणारी पोरं तुला दिसतील. संग्रहालयानं २०१९ मध्ये लोकांना तसं करू नका म्हणून जाहीर विनंती केली होती. वाद घालू नकोस. तू रुळांच्या बाजूनं चाल.

सहलवाले ओश्विएन्चिम गावात थांबत नाहीत. वेळ काढता आला तर तुम्ही थांबा. युद्धाआधी त्या गावातले निम्म्याहून अधिक लोक ज्यू होते. त्यांचं एक सिनेगॉग उरलं आहे, शेजारी छोटं संग्रहालय आहे. गावातला शेवटचा ज्यू रहिवासी २००० साली वारला. माणसं तिथं कशी मेली हे दिवसभर ऐकल्यावर ती कशी राहत होती, काय विकत होती, मुलांची लग्नं कशी करत होती, हेही थोडं बघायला हवं. आम्हाला ते जमलं नाही, याची हळहळ आईला अजून आहे.

तारीख पक्की झाली की बुकिंग लगेच कर. गाइडच्या जागा आधीच भरतात, आणि इंग्रजी गाइड मागायला विसरू नकोस. बुकिंगवर नाव पासपोर्टप्रमाणेच टाक, दारात तपासतात. दुसऱ्या दिवशी ऑफिसला रजा टाक. आणि परत आलीस की रात्री उशीर झाला तरी फोन कर, आम्ही जागेच असू.

तुझा,
बाबा