मैदानावरून अध्यक्षपदापर्यंत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

महिला बास्केटबॉलवरील लेखनात खेळाडूंच्या गुणांची नोंद होते, परंतु लीग उभी करणाऱ्या व्हॅल अकरमन यांचा उल्लेख क्वचितच आढळतो. अमेरिकेतील व्हर्जिनिया विद्यापीठाच्या संघात त्या आल्या, तेव्हा एकच शिष्यवृत्ती त्यांना दुसऱ्या खेळाडूबरोबर वाटून घ्यावी लागली (पुरुष संघात असे कोणी खपवून घेतले असते का?). तरीही त्या चारही वर्षे सामन्याच्या सुरुवातीला उतरणाऱ्या पाच जणींत खेळल्या, फ्रान्समध्ये एक हंगाम व्यावसायिक खेळल्या आणि पुढे कायद्याची पदवी घेऊन १९८८ मध्ये एनबीए या अमेरिकेतील पुरुषांच्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये वकील म्हणून रुजू झाल्या. १९९७ मध्ये आठ संघांनिशी सुरू झालेल्या डब्ल्यूएनबीए या महिलांच्या लीगच्या त्या पहिल्या अध्यक्ष. क्रीडा पानावर अशा प्रशासकांनाही जागा मिळावी, ही विनंती.

आपला नियमित वाचक