रिटा मोरेनो : तो हेल त्यांचा नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवार पुरवणीतील रिटा मोरेनो यांच्यावरचा लेख वाचला. मराठीत त्यांच्याबद्दल फारसे कुणी लिहीत नाही, म्हणून आधी आभार. मात्र लेखातल्या तीन गोष्टी चुकीच्या आहेत. त्यातली तिसरी किरकोळ म्हणून सोडून देण्यासारखी नाही.

त्यांना ‘स्पेनहून स्थलांतरित झालेली अभिनेत्री’ म्हटले आहे. त्यांचा जन्म ११ डिसेंबर १९३१ चा, पोर्तो रिको बेटावरच्या उमाकाओ गावातला. या बेटावरचे लोक १९१७ पासून अमेरिकेचे नागरिक आहेत. त्यामुळे पाच वर्षांची रोझिता (रिटा यांचे लहानपणीचे नाव) आईबरोबर बोटीने न्यूयॉर्कला गेली तेव्हा अडचण कागदपत्रांची नव्हती, भाषेची होती.

दुसरी चूक पुरस्कारांची. चित्रपटांसाठीचा ऑस्कर (१९६२), ध्वनिमुद्रणांसाठीचा ग्रॅमी (१९७२), रंगभूमीसाठीचा टोनी (१९७५) आणि दूरचित्रवाणीसाठीचा एमी (१९७७) हे चारही मिळवणाऱ्या त्या पहिल्या नव्हेत, तिसऱ्या. आधी संगीतकार रिचर्ड रॉजर्स, मग अभिनेत्री हेलन हेज. हेज यांचा चौथा पुरस्कारही १९७७ मधलाच, फक्त काही महिने आधीचा. घोटाळा बहुधा तिथेच झाला असावा.

आता मुख्य मुद्दा. लेख म्हणतो, ‘त्यांच्या इंग्रजीतला मूळचा स्पॅनिश हेल कधी गेलाच नाही.’ खरे तर तो हेल स्टुडिओला हवा म्हणून लावलेला होता. अकराव्या वर्षी त्या अमेरिकी चित्रपटांच्या स्पॅनिश आवृत्त्यांना आवाज देत होत्या. स्पॅनिश वाक्य इंग्रजीपेक्षा बहुधा लांब होते. पडद्यावरचे ओठ मिटायच्या आत ते संपवायचे तर शब्द गाळावे लागतात आणि अर्थ तर सांडता कामा नये. दोन्ही भाषा स्वतंत्रपणे पक्क्या असल्याशिवाय हे जमत नाही. ‘सिंगिंग इन द रेन’ (१९५२) मधली त्यांची झेल्डा ऐकून पाहा, हेलाचा मागमूस नाही. पुढे मात्र ‘द किंग अँड आय’ (१९५६) मधल्या ब्रह्मदेशी टपटिमसारख्या भूमिका येत गेल्या आणि पात्र कुठल्याही देशाचे असो, हेल जवळजवळ एकच. तो आपणच बेतला होता, हे त्यांनी मुलाखतींत हसत सांगितले आहे.

ऑस्कर मिळवून देणारी अनिताची भूमिका त्यांनी केली ती न्यूयॉर्कमधल्या टोळ्यांच्या वैरावरच्या ‘वेस्ट साइड स्टोरी’ (१९६१) या संगीतपटात. त्यात सगळ्या पोर्तो रिकन पात्रांना एकाच गडद तपकिरी रंगात रंगवले. त्या बेटावर गोऱ्यापासून काळ्यापर्यंत सगळ्या वर्णांचे लोक राहतात, असे मोरेनो यांनी रंगभूषाकाराला सांगितले, तर त्याने उलट त्यांनाच विचारले, ‘तुम्ही वंशवादी आहात का?’ अनिताचे एक गाणे त्यांच्या गळ्याला फार खालच्या पट्टीत होते, ते बेटी वाँड यांनी गायले. आपल्याकडे पार्श्वगायन उघड चालते. तिथे ते झाकून ठेवत.

ऑस्करनंतरही प्रस्ताव आले ते तसल्याच, हेल काढून बोलणाऱ्या परक्या बायकांच्या भूमिकांचे. ते नाकारून त्या रंगभूमीकडे वळल्या. आणि ज्या हेलाने छळले तोच ‘द रिट्झ’ नाटकात वाजवून घेतला. गूगी गोमेझ ही बेसूर, आत्मविश्वासाने फुगलेली गायिका मूळची त्यांनी एका पार्टीत केलेली नक्कल. ती पाहून नाटककार टेरेन्स मॅकनॅली यांनी भूमिका लिहिली. टोनी मिळाला तो याच भूमिकेसाठी.

पोर्तो रिकोच्या बोलीत शब्दाच्या शेवटचा ‘स’ हवेत विरतो आणि ‘र’ पुष्कळदा ‘ल’कडे झुकतो, ‘पुएर्तो’चे ‘पुएल्तो’ होते. मोरेनो यांचा खरा वारसा हा. पण हॉलिवूडला तो नको होता, त्याला ‘परका’ एवढेच ऐकू यायला हवे होते.

२०२१ च्या नव्या ‘वेस्ट साइड स्टोरी’त टोळीतली पोरे दुकानात अनितावर हात टाकतात, तेव्हा मध्ये पडते ती दुकानाची मालकीण व्हॅलेंटिना, म्हणजे नव्वदीला टेकलेल्या मोरेनो. साठ वर्षांपूर्वी त्याच प्रसंगात अनिता त्याच होत्या. या आवृत्तीत स्पॅनिश संवाद भरपूर आहेत आणि त्यांना इंग्रजी उपशीर्षके मुद्दामच दिलेली नाहीत.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे