कमी कर म्हणजे काय

चि. बाळा,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, "आई, शूटिंगला दिवसभर एकच ऐकतेय, अभिनय कमी कर, अजून कमी कर." रडून झालंय हे आवाजावरून कळलं. तेव्हा मला धड काही सुचलं नाही, म्हणून आता लिहितेय.

नाटकवाले कॅमेऱ्यासमोरही सगळं मोठंच करतात, असं म्हणतात; पण तुझ्या बाबतीत ते मला मुळीच पटत नाही. तू ज्या खोल्यांमधून प्रयोग केलेस तिथे पहिल्या रांगेतल्या माणसाचे गुडघे तुला लागायचे. शेवटच्या नाटकात तू चार मिनिटं अवाक्षर न बोलता नुसती दोरी सोडवत बसायचीस. मी प्रॉम्प्टिंगला संहिता घेऊन उभी असायचे. तिसऱ्या गाठीपाशी तुझा अंगठा थांबला की अख्खी खोली श्वास रोखून धरायची. तो अंगठा कॅमेऱ्याला दिसणारच. फरक एवढाच, की नाटकात तिथपर्यंत सगळ्यांची नजर तू ओढून आणायचीस आणि इथे ते काम लेन्स करते. तेवढं ओझं खाली ठेव. आतलं मात्र कणभरही कमी करू नकोस.

आणि नाटकाच्या ग्रुपमधल्या कुणी "नाटक सोडून गेलीस ना तिकडे?" म्हटलं, ते मनाला लावून घेऊ नकोस. 'शांतता! कोर्ट चालू आहे'मधली बेणारे सुलभा देशपांडे यांनी १९६७ साली रंगमंचावर केली आणि १९७१ साली सत्यदेव दुबे यांच्या चित्रपटातही त्यांनीच केली. त्यानंतरही 'आविष्कार' या नाट्यसंस्थेचं काम त्या करतच राहिल्या. त्यांचं नाटक कुठे सुटलं?

मला खरी काळजी वेगळीच आहे. प्रयोगात पहिल्या घंटेपासून पडदा पडेपर्यंत तू सलग जगतेस. तिसऱ्या प्रवेशातला राग दुसऱ्या प्रवेशानं आपोआप हातात आणून दिलेला असतो. शूटिंगमध्ये एका लोकेशनचे सगळे सीन एकदम उरकतात. आईच्या मरणाचा सीन सोमवारी आणि तिच्याशी झालेलं भांडण पंधरा दिवसांनी! ग्लास कोणत्या हातात होता, पदर कुठे होता, हे कंटिन्युइटीवाले लिहून ठेवतात. पण तू दारातून आत आलीस तेव्हा तुझा श्वास कसा चालला होता, ते कोणी लिहीत नाही. ते तुलाच लिहावं लागेल.

म्हणून सोबत वही पाठवतेय. तू दिलेल्या पटकथेतले सगळे सीन मी गोष्टीच्या क्रमानं लावलेत. डावीकडे सीन, उजवीकडे कोरी जागा. शॉटला जाण्याआधी फक्त मागचं पान वाचायचं. मार्क, लाइट, टेकचे आकडे यात लिहू नकोस, त्याला सेटवर माणसं आहेत.

तेविसाव्या सीनपाशी मी अडले. ती सकाळी दार उघडते, पण आदल्या रात्री ती झोपली होती की नाही, हे पटकथेत कुठेच नाही. ती जागा मी रिकामी सोडलीय. गुरुवारच्या आत तू ठरव.

तुझी,
आई